तोंडाचे सात आकार

ऑलिम्पिक उरकून दोन हिवाळे झाले होते.
सोलमध्ये, कुरोच्या एका इमारतीत, तिसऱ्या मजल्यावर
आम्ही सोळा बायका पांढरे सुती हातमोजे घालून
एका अमेरिकन कुटुंबाला रंग देत होतो,
उलट्या बाजूने.
काचेसारख्या फिल्मवर मागून भरायचा असतो रंग,
म्हणजे पुढची रेघ स्वच्छ राहते.

बापाचा टाय: एक्केचाळीस.
आईच्या सपाता: अठरा, फिकट जांभळा.
धाकटीचा फ्रॉक सात,
म्हणून मी तिलाच सात म्हणायचे.
बापाला सगळ्याच भोपळा म्हणत.
त्याचं खरं नाव कागदावर होतं, पण इंग्रजीत,
आणि इंग्रजी यायचं फक्त निरीक्षक पांग यांना,
तेही रागावण्यापुरतं.

मालिका अजून धड उभी राहिली नव्हती.
तिसराच भाग. थोरल्याचं नाक
दर खोक्यातून नवं यायचं.
आता जाणकार सांगतात, सुरुवातीच्या भागांत रेघ थरथरते,
त्यात एक कच्चा जिवंतपणा आहे वगैरे.
खालच्या मजल्यावर शिवणयंत्रं होती, एवढंच.
दिवसाला चारशे जाकिटं. आमची टेबलं हलायची.

गोष्ट काय, कुणालाच ठाऊक नव्हतं.
प्रसंग तुकड्यातुकड्यांनी येत, कधी शेवट आधी.
भोपळा सोफ्यावर का झोपतो?
हिशोबातली बाई म्हणाली, दारू.
युन-रे म्हणाली, नोकरी गेली असणार,
बघ ना, किती सावकाश टाय सोडतोय.
तिचा नवरा तेव्हा घरीच असायचा.
आम्ही ब्रश धुतले.

प्रसंग बत्तीस माझ्या वाट्याला आला.
रात्र. सोफा. टीव्हीचा निळा उजेड.
आई दारात. सात जिना उतरते,
भोपळ्यापुढे उभी राहते,
आणि तो तिला काहीतरी म्हणतो.
शब्द नाहीत, फक्त तोंडं:
मिट, उघड, मिट, अर्धं, गोल, दात.
तोंडाचे सातही आकार मला पाठ होते,
वाक्य एकही नाही.

संडासातल्या आरशात करून पाहिलं.
मिट. उघड. मिट.
तिसऱ्या खेपेला आपोआप जिभेवर आलं:
बाप मॉगॉन्नी?
भात खाल्लास का, पोरी?
बसलं. शिंप्याने बेतावं तसं बसलं.
रात्री दोन वाजता कुठला बाप
दुसरं काय विचारणार?

त्या तंद्रीत आईच्या सपाता हिरव्या झाल्या.
अकरा चौकटी.
पांग यांच्या लक्षात आलं तोवर
खोकी किम्पो विमानतळावर पोचली होती.
तीन दिवसांचा पगार गेला.
क्यू-सॉक माझा चार वर्षांचा,
शेजारणीकडे जेवून तिथेच झोपलेला.
त्याला हा प्रश्न त्या हिवाळ्यात
मी किती वेळा विचारला, आठवत नाही.

आता त्याच्या कानशिलांवर पांढरं आहे.
विमा कंपनीत असतो, इंग्रजी फाडफाड.
मालिका अजून चालू आहे,
सात अजून तिसरीतच.
परवा त्याने तो जुना भाग शोधून लावला.
थांबव, म्हटलं. इथे.
हिरव्या सपाता. तो हसला, मीही हसले,
तीन दिवसांचा पगार.
मग विचारलं, काय म्हणतोय रे भोपळा?

"सरक म्हणतोय. मॅच दिसत नाहीये."

एवढंच?
एवढंच.

सात सरकते.
सरकून त्याच्याच पायांशी बसते, सोफ्याच्या कडेला.
हेही मीच रंगवलं होतं,
पार विसरले होते.

आवाज बंद कर, म्हटलं, आणि पुन्हा लाव.
मिट. उघड. मिट.
क्यू-सॉकचे ओठ किंचित हलले,
काहीतरी बेतून बघत असल्यासारखे.
बोलला काही नाही.

मी उठले आणि कुकर लावला.